लगाम ओढून कँटर सुधारत नाही

कँटर म्हणजे घोड्याची दुडकीपेक्षा वेगवान, पण भरधाव दौडीपेक्षा संथ चाल. ‘कँटर फार वेगात जातोय? लगाम ओढून धरा, आपोआप डौलदार होईल.’ हा सल्ला वर्षानुवर्षं दिला जातो. तो चूक आहे, आणि घोड्याच्या तोंडावर अन्याय करणाराही.

कँटर तीन ठोक्यांचा असतो. उजवीकडे वळणाऱ्या वर्तुळावर आधी मागचा डावा पाय टेकतो, मग मागचा उजवा आणि पुढचा डावा एकत्र, शेवटी पुढचा उजवा. त्यानंतर क्षणभर चारही खूर हवेत! सतत लगाम ताणला की घोडा मान वर काढतो, पाठ खाली दबते, ती एकत्र पडणारी जोडी फुटते आणि तीनऐवजी चार ठोके ऐकू येतात. वेग घटतो खरा, पण चालीतला जीव जातो.

डौल मागच्या पायांतून येतो. ते पोटाखाली यायला हवेत. त्यासाठी 20 मीटरच्या वर्तुळावर काही पावलं कँटर, मग दुडकी, पुन्हा कँटर. स्वाराचा वर्तुळाबाहेरच्या बाजूचा पाय तंगाच्या (खोगीर बांधायच्या पट्ट्याच्या) किंचित मागे, मांड सैल, खांदे सरळ. कँटरमध्ये मान प्रत्येक झेपेला खालीवर होते, तिच्यासोबत हात जाऊ द्या. घोडा थकायच्या आत थांबा.