पाचोळ्यावरचा ठेका

प्रयोगशाळेतल्या टेबलावर नायलॉनचं कापड ढोलकीच्या पुडीसारखं ताणून बसवलेलं आहे. त्यावर एक मादी कोळी. (कोळीण म्हणणं सोयीचं झालं असतं, पण आपल्याकडे त्या शब्दाबरोबर पापलेटाची टोपलीच डोळ्यांपुढे येते, म्हणून मादी.) तिला गुंगी देऊन, पाठीवर मेणाचा थेंब लावून एका तारेला अडकवून ठेवलंय. समोर सोडलेला नर जेमतेम अर्धा सेंटिमीटर. तो तिला बघतो, थबकतो, मग पुढचे पाय फैलावून तिरका तिरका सरकायला लागतो. दोन पावलं इकडे, दोन तिकडे. खोलीत चिडीचूप. पण कापडावर लेसरचा एक ठिपका रोखलेला आहे. कापडाची बारीकशी थरथरसुद्धा तो टिपतो, आणि तीच थरथर स्पीकरवर वाजवली की कळतं, हा पठ्ठ्या नुसता नाचत नाहीये. धप्. खर्र, खर्र. आणि मग लांबलचक घुमणारी गुणगुण.

नर आहे हॅब्रोनॅटस डोसेनस या जातीचा. अमेरिकेच्या अ‍ॅरिझोना राज्यात, मेक्सिकोच्या सीमेजवळ अ‍ॅटास्कोसा नावाचे डोंगर आहेत, तिथून हे कोळी पकडून आणलेले. आजूबाजूला सोनोराचं वाळवंट. वाळवंट म्हटलं की आपण नुसती वाळू धरून चालतो, पण इथे निवडुंग आहेत, खडक आहेत, ओढ्याकाठी झाडं आहेत, झाडांखाली पाचोळा आहे. जुलैत पाऊसही येतो आणि त्याला तिथले लोक ‘मान्सून’च म्हणतात.

या कोळ्याचे भाऊबंद आपल्या घरात राहतात. जाळं न विणता खिडकीच्या चौकटीवर किंवा भिंतीवर माशीच्या मागे दबा धरून बसणारा, आपण बोट पुढे केलं की गर्रकन तोंड वळवून चक्क आपल्याकडे बघणारा तो छोटा केसाळ कोळी याच कुळातला. सहा हजारांहून जास्त जाती असलेलं हे कोळ्यांमधलं सगळ्यात मोठं कूळ. उडी मारायला यांच्या पायांत नाकतोड्यासारखे भक्कम स्नायू नसतात. अंगातल्या द्रवाचा दाब एकदम वाढवून ते मागचे पाय ताठ करतात आणि निसटतात. निघताना मागे रेशमाचा धागा चिकटवलेला असतो, नेम चुकला तर लटकायला.

हे कोळी नजरेचे पक्के म्हणून जुने प्रसिद्ध. आठ डोळे, त्यातले समोरचे दोन मोठे. त्यामुळे नर मादीला रिझवतो तो रंग आणि हावभाव दाखवून, असंच अभ्यासकांचं सगळं लक्ष होतं. डेमियन इलियास, अँड्र्यू मेसन, वेन मॅडिसन आणि रोनाल्ड हॉय यांनी 2003 साली दाखवलं की दिसण्याच्या खेळाला जमिनीतून जाणाऱ्या थरथरीची साथ आहे, आणि तीही साधीसुधी नाही. जवळजवळ प्रत्येक ठळक हालचालीच्या पाठोपाठ एक ठोका किंवा घुमारा येतो. मादीला कान नाहीत. पण तिच्या पायांवर अतिसूक्ष्म चिरा असतात. जमीन हलली की त्या दबतात आणि तिला ‘ऐकू’ येतं.

वाजवतो कशानं? कोळ्याचं शरीर दोन भागांचं: पुढे डोकं-छाती एकत्र, मागे पोट, मध्ये बारीक कंबर. संशोधकांनी काही नरांचं पोट मेणानं पुढच्या भागाला जखडून टाकलं. नाच तसाच चालू राहिला, एकही हालचाल कमी झाली नाही, पण आवाज पार बंद. मग दुसरी युक्ती: पोट हलू द्यायचं, पण पुढच्या भागावर घासू द्यायचं नाही. आता धप् आणि खर्र गेले, गुणगुण तेवढी राहिली. म्हणजे एकाच पोटात वेगवेगळी वाद्यं आहेत. काही स्वर घासून-आपटून निघतात, एक नुसता पोट थरथरवून. आणि नाच व वाजवणं एकमेकांना बांधलेलं नाही. पाय हलला म्हणून आपोआप आवाज झाला, असं होत नाही. दोन्ही वेगवेगळं करून तो ते नेमकं जुळवतो. ढोलकीवाला आणि नाचणारी एकच, म्हणा ना. पुढच्या प्रयोगांत असे मुके केलेले नर मादीला पटवण्यात सपशेल मागे पडले. दिसत होते झकास, पण उपयोग नाही.

मला सगळ्यात आवडलेला प्रयोग मात्र साधा आहे. 2004 साली इलियास, मेसन आणि हॉय यांनी विचारलं, पायाखाली काय आहे त्यानं काही फरक पडतो का? या कोळ्याच्या वाटेत तीन प्रकारची जमीन येते: वाळू, खडक, पाचोळा. तिन्हींवरून थरथर सोडून बघितली. खडक ती दाबून टाकतो. वाळू काही स्वर जाऊ देते, काही गिळते. वाळलेल्या पानावरून मात्र गाणं जवळजवळ जसंच्या तसं पलीकडे पोचतं. पाचोळ्यावर जोड्याही जास्त जुळल्या. गंमत अशी की नराला याचा पत्ता नाही. जमीन कोणतीही असो, तो तेच गाणं तसंच वाजवतो. खडकावर बसून जीव तोडून धपधप करणारा तो अर्ध्या सेंटिमीटरचा वादक डोळ्यांपुढे आणला की हसू येतं आणि थोडी कीवही येते.

रंगाचीही हीच तऱ्हा. याच वंशातला हॅब्रोनॅटस पिरिथ्रिक्स फिनिक्स शहराच्या परिसरात सापडतो. नराचं तोंड लालभडक, पुढचे पाय हिरवे. लिसा टेलर आणि केव्हिन मॅकग्रॉ यांनी काही नरांची लाली झाकून टाकली आणि त्यांना मादीपुढे सोडलं. उन्हात लाल तोंडाचे नर मादीच्या जवळ पोचण्यात सरस ठरले. सावलीत लाल असून-नसून सारखंच. जवळ पोचणं ही किरकोळ गोष्ट नाही, कारण मादी अंगानं मोठी आणि नर पसंत पडला नाही तर ती त्याला खाऊही शकते.

ऊनच का लागावं, याचं एक उत्तर 2015 मध्ये डॅनियल झुरेक, नेथन मोरहाऊस आणि सहकाऱ्यांच्या कामातून मिळालं. या कोळ्याच्या डोळ्यात मुळात अतिनील आणि हिरवा एवढेच दोन प्रकाश टिपणाऱ्या पेशी. लाल कसा दिसणार? तर हिरवा टिपणाऱ्या काही पेशींच्या पुढे लाल रंगद्रव्याची गाळणी बसवलेली सापडली. हिरवा अडतो, लालसर तेवढा आत जातो, आणि दोन प्रकारच्या पेशींतून तिसरा रंग निघतो. पण गाळणीत बराचसा प्रकाश अडकतो, त्यामुळे ही करामत चालते लख्ख उजेडातच. शिवाय ती आहे डोळ्यातल्या प्रकाश टिपणाऱ्या पडद्याच्या मधल्या एवढ्याशा भागात. भिंग जागचं हलत नाही, मागचा पडदा मात्र स्नायूंनी सरकतो. मादी तो सरकवत सरकवत समोरच्याचा चेहरा जणू बोटानं ओळ वाचावी तसा वाचत जाते.

आणि मग डोंगर. आग्नेय अ‍ॅरिझोनात वाळवंटी खोऱ्यांतून सुटे सुटे उंच डोंगर उभे आहेत. माथ्यांवर ओक आणि पाइनची राई, खाली रखरखाट. ‘आकाशातली बेटं’ म्हणतात त्यांना. शेवटच्या हिमयुगात ही राई खोऱ्यांतही पसरलेली होती. सुमारे दहा हजार वर्षांपूर्वी हवा तापत-सुकत गेली तशी ती वर सरकली, आणि तिच्याबरोबर हॅब्रोनॅटस प्युगिलिस हा कोळीही डोंगराडोंगरावर अडकून पडला. आज एकेका डोंगरावरचा नर वेगळा दिसतो: तोंडावरचे पट्टे वेगळे, नाच वेगळा. जात एकच, ठेका निराळा. सुझन मास्टा आणि मॅडिसन यांच्या अभ्यासातून दिसलं की हा फरक नुसता योगायोगानं पडलेला नाही. माद्यांच्या निवडीचा त्यात हात आहे.

आता असं वाटेल की मादीला आपल्याच डोंगराचा ठेका गोड लागत असणार. आयलीन हेबेट्स आणि मॅडिसन यांनी 2005 मध्ये सांता रीटा डोंगरावरच्या माद्यांपुढे घरचे नर आणि याच प्युगिलिस जातीचे अ‍ॅटास्कोसाचे परके नर ठेवून बघितलं. माद्यांनी परके उचलले. पुढच्या वर्षी इलियास आणि मंडळींनी तपासलं तेव्हा त्यामागे पुन्हा थरथरच निघाली. अ‍ॅटास्कोसावाल्यांचं गाणं जास्त गुंतागुंतीचं, आणि त्यांना मुकं केलं की त्यांचा भाव लगेच उतरतो.