बांबूच्या बेटाखालचं बिऱ्हाड

प्रशांत महासागरातल्या ग्वाम बेटावर अमेरिकी सैन्य जुलै १९४४ मध्ये उतरलं आणि तिथल्या जपानी फौजेचा पाडाव झाला. काही सैनिक शरण न जाता जंगलात शिरले. शोइची योकोई त्यांतलेच एक. युद्ध संपल्याची पत्रकं त्यांच्या हाती पडली, तरी ते बाहेर आले नाहीत. २४ जानेवारी १९७२ रोजी तालोफोफो नदीवर कोळंबीचे सापळे बघायला आलेल्या दोघा गावकऱ्यांना ते सापडले, तेव्हा त्यांचं वय ५६ होतं. सुरुवातीला सोबती होते. शेवटची सुमारे आठ वर्षं मात्र ते अगदी एकटे होते.

त्यांचं भुयार जमिनीखाली सुमारे सात फुटांवर होतं. उंची जेमतेम तीन फूट, म्हणजे आत ताठ बसणंही कठीण. मला सगळ्यात विचार करायला लावते ती जागेची निवड. ग्वामचा उत्तर भाग चुनखडीचा आहे. तिथे पाण्याने खडक विरघळून नैसर्गिक गुहा तयार होतात. दक्षिण भाग ज्वालामुखीच्या खडकाचा. तो कुजून चिकणमाती होते. ती साध्या हत्यारानेही खणता येते, पण पावसात फुगते आणि ढासळते. योकोईंनी दाट बांबूच्या बेटाखाली खणलं. बांबूची मुळं उथळ आणि जाळीदार असतात, ती वरची माती आवळून धरतात. शिवाय तोंड लपतं ते वेगळंच. आतून आधारही बांबूचाच.

इथेच खरी मेख आहे. बांबूत पिष्ट भरपूर, त्यामुळे बुरशी आणि किडे त्यावर तुटून पडतात. प्रक्रिया न केलेला बांबू ओल्या मातीत एक ते तीन वर्षंच टिकतो. म्हणजे हे भुयार एकदा खणून भागणारं नव्हतं. आत राहणाऱ्याने ते सतत डागडुजी करून उभं ठेवलं होतं.

योकोई मूळचे शिंपी, आणि ते कसब कामी आलं. तिथे पागो नावाचं झाड आहे, आपल्या अंबाडीच्याच कुळातलं. त्याच्या सालीच्या आतल्या थरात लांब, चिवट तंतू असतात. योकोईंनी त्यांचा वाख काढला, सूत वळलं, हाताने बनवलेल्या मागावर कापड विणलं आणि त्याचे कपडे शिवले. लष्करी गणवेश केव्हाच विरला होता, पण अंगभर कपडे घालायचा त्यांचा नेम सुटला नाही. या कापडापुढे मी खरोखर नतमस्तक होतो.

१९८० मध्ये ही जागा अमेरिकेच्या ऐतिहासिक स्थळांच्या राष्ट्रीय यादीत गेली. मूळ भुयार मात्र ढासळलं आहे. तालोफोफो धबधब्याजवळ पर्यटक पाहतात ती प्रतिकृती. माझ्या मते प्रतिकृतीत वावगं काही नाही, फक्त ती प्रतिकृती आहे हे तिथे ठळकपणे सांगायला हवं. अस्सल पाहायचं असेल, तर ग्वामच्या संग्रहालयात त्यांची हत्यारं आणि हातविणीचे कपडे आहेत. जमिनीखालच्या दमटपणात ते कपडे केव्हाच कुजले असते.