बारा लाकडी शिपाई आणि चार भावंडं

हिंदी सिनेमाच्या वाटेने एकोणिसाव्या शतकातल्या इंग्रज कादंबरीकार ब्राँटे बहिणी आपल्याकडे केव्हाच येऊन गेल्या आहेत. ‘संगदिल’ (१९५२) ‘जेन एअर’वर बेतलेला, ‘दिल दिया दर्द लिया’ (१९६६) ‘वदरिंग हाइट्स’वर, दोन्हींत नायक दिलीपकुमार. त्यामुळे ठाण्यातल्या आमच्या वाचनगटाने यंदा या बहिणींची पुस्तकं घ्यायचं ठरवलं, तेव्हा निम्म्या मंडळींना कथानक ठाऊक होतं आणि उरलेल्यांना दंतकथा. ओसाड माळरान, घोंघावणारा वारा, क्षयाने खंगलेल्या तीन अबोल मुली आणि कुठूनशी अवतरलेली प्रतिभा. दंतकथा झकास आहे. पण तिच्यातून एक सख्खा भाऊ गायब आहे, आणि जवळजवळ वीस वर्षांची रोजची लिखापढीही. बैठकीआधीचं हे टिपण मुख्यतः त्या दोहोंसाठी.

वडील पॅट्रिक १७७७ साली आयर्लंडमध्ये, गरिबाघरी जन्मले. आडनाव ब्रंटी. हुशारीच्या जोरावर १८०२ मध्ये केंब्रिजला पोचले आणि तिथे आडनावाचं ‘ब्राँटे’ झालं. पुढे धर्मोपदेशक होऊन १८२० मध्ये यॉर्कशरमधल्या हॉवर्थ गावी बायको मारिया आणि सहा लेकरांसह राहायला आले. दीड वर्षात मारिया कर्करोगाने गेली. शेंडेफळ अ‍ॅन तेव्हा दोन वर्षांचीही नव्हती. मुलांची मावशी सांभाळायला आली ती कायमची. १८२४ मध्ये थोरल्या चार मुलींना कोवन ब्रिजच्या शाळेत घातलं. गरीब पाद्र्यांच्या मुलींसाठीची ती स्वस्तातली शाळा. तिथून आजारी होऊन परतलेल्या थोरल्या दोघी, आईच्याच नावाची मारिया आणि एलिझाबेथ, १८२५ च्या मे-जूनमध्ये लागोपाठ गेल्या. एक अकरा वर्षांची, दुसरी दहा. नऊ वर्षांची शार्लट एकाएकी घरात थोरली झाली. ‘जेन एअर’मधली लोवुड शाळा आणि तिथे मरणारी हेलन बर्न्स कुठून आली, हे वेगळं सांगायला नको.

उरली चार भावंडं: शार्लट, ब्रॅनवेल, एमिली, अ‍ॅन. वडिलांचा एक गुण मात्र मानायला हवा. त्यांनी मुलांच्या वाचनावर पहारा ठेवला नाही. बायरन, स्कॉट, अरबी कथा, वर्तमानपत्रं, ‘ब्लॅकवुड्स’ मासिक, सगळं घरात खुलं. जेवणाच्या टेबलावर पार्लमेंटमधल्या भांडणांची चर्चा चालायची आणि तीत मुलं बरोबरीने बोलायची.

जून १८२६ मध्ये पॅट्रिकनी लीड्सहून ब्रॅनवेलसाठी बारा लाकडी शिपाई आणले. ते रात्री घरी पोचले तेव्हा मुलं झोपलेली होती. सकाळी ब्रॅनवेल पेटी घेऊन बहिणींच्या दारात उभा. शार्लटने झडप घालून एक शिपाई उचलला आणि जाहीर केलं, हा ड्यूक ऑफ वेलिंग्टन, हा माझा! ब्रॅनवेलने अर्थातच बोनापार्ट घेतला. एमिलीचा शिपाई गंभीर चेहऱ्याचा. अ‍ॅनचा तिच्यासारखाच चिमुकला आणि जरा विचित्र. हा प्रसंग शार्लटने स्वतः तीन वर्षांनी लिहून ठेवला, म्हणून तो आपल्याला कळतो.

हा वेलिंग्टन म्हणजे आपल्यासाठी असईचा आर्थर वेलस्ली. २३ सप्टेंबर १८०३ रोजी आजच्या जालना जिल्ह्यात त्याने शिंदे-भोसल्यांच्या फौजेला हरवलं. ते युद्ध ज्या तहामुळे पेटलं तो वसईचा, म्हणजे आपल्या जुन्या ठाणे जिल्ह्यातला. शार्लटचा लाकडी शिपाई आपल्याच खापरपणजोबांशी लढून आला होता असं म्हणायला हरकत नाही. मुलांचं खेळातलं राज्य होतं पश्चिम आफ्रिकेच्या किनाऱ्यावर. तिथली माणसं जिंकून शहर वसवणं हा खेळाचा भागच. ब्रिटिश घरातली पोरं त्या काळी खेळातसुद्धा वसाहतीच थाटायची, हे आपण वाचताना विसरू नये. ‘जेन एअर’मधला सेंट जॉन जेनला धर्मप्रचारासाठी हिंदुस्थानात न्यायला बघतो आणि तिला हिंदुस्तानी शिकायला बसवतो, तो धागाही याच घरातला.

शिपायांच्या शहराचं नाव ग्लास टाउन. त्याला राजकारण होतं, वर्तमानपत्रं होती, कवी होते, एकमेकांवर जळणारे टीकाकारही होते. आणि शिपायांसाठी पुस्तकं हवीत म्हणून मुलांनी ती केली. शिपायांच्याच मापाची, काडेपेटीएवढी. साखरेच्या पिशव्यांचा कागद, भिंतीच्या कागदाचे तुकडे, सुई-दोरा. आत छापील अक्षरांची हुबेहूब नक्कल, इतकी बारीक की आज भिंग लागतं. मोठ्यांना वाचता येऊ नये ही सोयही त्यात आलीच. चौदा वर्षांच्या शार्लटने ऑगस्ट १८३० मध्ये आपल्या पुस्तकांची यादी केली तेव्हा ती बावीस भरली. यातलं एक, १८२९ मधलं दहा कवितांचं, २०२२ मध्ये पुन्हा बाजारात आलं आणि साडेबारा लाख डॉलरला विकत घेऊन हॉवर्थच्या संग्रहालयाला देण्यात आलं. मुखपृष्ठावर तिने स्वतःच लिहिलं होतं की हे कुणीही विकत नाही आणि छपाई लेखिकेचीच.

या खेळाचा एक नियम मला फार महत्त्वाचा वाटतो. चौघं भावंडं त्या जगातले जिन होते: टॅली, ब्रॅनी, एमी, अ‍ॅनी. लढाईत मेलेला शिपाई जिनच्या मर्जीने जिवंत होई. दोन बहिणी जाऊन जेमतेम वर्ष झालेल्या घरात हा नियम झाला. यावर मानसशास्त्र झाडायची गरज नाही, नोंद पुरे.

१८३१ मध्ये शार्लट शिकायला रो हेडच्या शाळेत गेली आणि खेळ फुटला. एमिली-अ‍ॅनने वेगळं बिऱ्हाड केलं: गोंडल, उत्तर पॅसिफिकमधलं बेट, राणीचं राज्य, कटकारस्थानं, कैदखाने. शार्लट आणि ब्रॅनवेलनी पुढे अँग्रिया रचलं. त्याचा राजा झामोर्ना, वेलिंग्टनचा कल्पित मुलगा, रूपवान आणि बदफैली. ‘जेन एअर’चा नायक रॉचेस्टर, त्याची जातकुळी इथली. हे पोरवय सरलं तरी थांबलं नाही. एकोणीस-वीस वर्षांची शार्लट शाळेत शिकवायची, आणि व्याकरणाच्या तासाला डोळ्यांपुढे अँग्रिया उभं राहिलं की मध्येच बोलणाऱ्या मुलींवर मनातल्या मनात चरफडायची. तसं तिने लिहून ठेवलंय.

एमिली आणि अ‍ॅन मात्र गोंडलमध्ये शेवटपर्यंत राहिल्या. दोघी काही वर्षांच्या अंतराने एकेक रोजनिशीचं पान लिहून ठेवत. २४ नोव्हेंबर १८३४ च्या पानात स्वयंपाकघर आहे, मागच्या दारी धुणं धुणारी बाई आहे, बटाटे सोलायला लावणारी घरातली मोलकरीण टॅबी आहे, आणि मध्येच, काही वेगळं सांगतोय असा आव न आणता, गोंडलचे लोक गालडाईन या दुसऱ्या कल्पित बेटाच्या अंतर्भागाचा शोध घेताहेत अशी बातमी. दोन्ही एकाच दमात. १८४५ मध्ये या दोघी आगगाडीने यॉर्कला फिरायला गेल्या. एमिली सव्वीसची, अ‍ॅन पंचविशीची. आणि प्रवासभर त्या गोंडलमधली पात्रं होऊन वावरल्या. आपल्या डब्यात समोर बसलेल्या दोन बायका असं करताना दिसल्या तर आपण जागा बदलू. गोंडलचं सगळं गद्य नष्ट झालं, कविता तेवढ्या राहिल्या. ‘वदरिंग हाइट्स’ आधी हेच वाचायला हवं होतं, आणि नेमकं तेच नाही.

आगगाडीचा विषय निघालाच आहे तर या घराचा तिच्याशी संबंध बराच आहे. ब्रॅनवेल १८४० पासून रेल्वेत कारकून होता. लडेनडेन फूट स्टेशनावर हिशेबात अकरा पौंडांवर तूट आली आणि मार्च १८४२ मध्ये नोकरी गेली. पैसे त्याने खाल्ल्याचं सिद्ध झालं नव्हतं, गाफिलपणा मात्र त्याचाच. १८४२ मध्ये वारलेल्या मावशीने मागे ठेवलेले पैसे बहिणींनी रेल्वेच्या शेअरमध्ये गुंतवले. शार्लटची ‘व्हिलेट’ जानेवारी १८५३ मध्ये आली, आणि त्याच वर्षी १६ एप्रिलला बोरीबंदरहून पहिली गाडी ठाण्याला. एकच काळ आहे हा. आपण उगाच त्यांना धुक्यातल्या प्राचीन बायका समजतो.

ब्रॅनवेलबद्दल थोडं थांबून सांगायला हवं. घराच्या सगळ्या आशा त्याच्यावर. चित्रकला त्याला, ग्रीक-लॅटिन त्याला. त्याने ‘ब्लॅकवुड्स’ला पत्रं लिहिली, १८३७ मध्ये वर्ड्सवर्थला लिहिलं. उत्तर नाही. शार्लटने राजकवी साउदीला कविता पाठवल्या. त्याचं उत्तर आलं, की साहित्य हा बाईच्या आयुष्याचा व्यवसाय होऊ शकत नाही. तरीही भावंडांमध्ये छापून आला तो पहिला ब्रॅनवेलच: १८४१ मध्ये ‘हॅलिफॅक्स गार्डियन’मध्ये कविता, आणि खाली सही अँग्रियातल्या पात्राची, नॉर्थँगरलँड. पुढे अ‍ॅन जिथे शिकवायची त्या थॉर्प ग्रीनच्या घरात तो मुलाचा शिक्षक म्हणून गेला, मालकिणीच्या प्रेमात पडला म्हणतात, आणि जुलै १८४५ मध्ये हाकलला गेला. मग दारू, अफू, कर्ज. बहिणी हे सगळं एकाच छपराखाली बघत होत्या आणि रात्री नऊनंतर, जुन्या सवयीप्रमाणे, टेबलाभोवती फेऱ्या मारत एकमेकींना लिहिलेलं वाचून दाखवत होत्या.

१८४५ च्या शरदात शार्लटच्या हाती एमिलीची कवितांची वही लागली. एमिली भयंकर चिडली. समजूत घालायला बरेच दिवस गेले. मग मावशीच्या पैशांतून एकतीस पौंड दहा शिलिंग भरून, तिघींच्या कवितांचं पुस्तक मे १८४६ मध्ये निघालं. नावं पुरुषी वाटतील अशी, आद्याक्षरं खरी: करर, एलिस, अ‍ॅक्टन बेल. गोंडलच्या खुणा काढून टाकलेल्या. खप: दोन प्रती. टोपणनावामागे बाई आहे का आणि कोण, या तर्कांनी पुढे केवढा धुरळा उडाला, ते १९३३ मध्ये ‘कळ्यांचे निःश्वास’ आल्यावर विभावरी शिरूरकर कोण म्हणून उठलेला गदारोळ ऐकून असणाऱ्यांना समजेल.

पुढचा भाग प्रसिद्ध आहे, म्हणून भरभर. ऑगस्ट १८४६ मध्ये पॅट्रिकच्या मोतीबिंदूच्या शस्त्रक्रियेसाठी शार्लट मँचेस्टरला भाड्याच्या खोलीत राहिली आणि तिथे तिने ‘जेन एअर’ सुरू केली. ती ऑक्टोबर १८४७ मध्ये निघाली आणि गाजली. डिसेंबरमध्ये एमिलीची ‘वदरिंग हाइट्स’ आणि अ‍ॅनची ‘अ‍ॅग्नेस ग्रे’ एकत्र, दुसऱ्या प्रकाशकाकडून. जून १८४८ मध्ये अ‍ॅनची ‘द टेनंट ऑफ वाइल्डफेल हॉल’. तिन्ही बेल म्हणजे एकच माणूस अशी आवई उठली, तेव्हा शार्लट आणि अ‍ॅन रात्रीची गाडी पकडून लंडनला प्रकाशकाच्या दारात हजर झाल्या. मग आठ महिन्यांत तिघं गेली: सप्टेंबरमध्ये ब्रॅनवेल, डिसेंबरमध्ये एमिली, मे १८४९ मध्ये अ‍ॅन. बहिणींची पुस्तकं निघाली हे ब्रॅनवेलला कधी कळलंच नाही, असं शार्लटने लिहिलं आहे. शार्लट १८५४ मध्ये लग्न करून पुढच्या मार्चमध्ये गेली. बाप १८६१ पर्यंत जगला.

आता माळरान. हॉवर्थ हे एकांतातलं खेडं नव्हतं, लोकरीच्या गिरण्यांचं गजबजलेलं गाव होतं. पोखरण रोडच्या लोकरीच्या गिरणीत उमेदीची वर्षं काढलेले एक काका आमच्या गटात आहेत. त्यांना ‘शर्ली’ (१८४९) सगळ्यांत आधी पटेल, कारण तिच्यात यंत्रं फोडणारे कामगार आणि कोंडीत सापडलेला मालक आहे. गावात गटारं नव्हती, पाणी भरगच्च दफनभूमीतून झिरपत यायचं. पॅट्रिकनी पाठपुरावा केला म्हणून १८५० मध्ये सरकारी निरीक्षक बॅबेज आला. त्याच्या अहवालानुसार गावात मृत्यूचं सरासरी वय सुमारे २६ होतं आणि ४१ टक्के मुलं सहा वर्षांची होण्याआधी जात. म्हणजे या भावंडांच्या अकाली मरणात काव्यमय असं काही नव्हतं. गावच्या मानाने ती बरीच जगली.

मग दंतकथा आली कुठून? बरीचशी शार्लटकडूनच. बहिणींच्या पुस्तकांवर ‘रासवट’ म्हणून टीका झाली होती. १८५० च्या नव्या आवृत्तीला तिने प्रस्तावना जोडली आणि त्यांना जगाची जाण नसलेल्या, साध्या, एकांतात वाढलेल्या मुली म्हणून उभं केलं. हेतू बचावाचा होता, पण वीस वर्षांची उमेदवारी त्यात पुसली गेली. १८५७ मध्ये कादंबरीकार एलिझाबेथ गॅस्केलने शार्लटचं चरित्र लिहिलं आणि त्यात अंधारं घर, विक्षिप्त बाप, वाया गेलेला भाऊ हे सगळं पक्कं झालं. भक्तही जमले. १८९३ मध्ये ब्राँटे सोसायटी निघाली. आपलं ठाण्याचं मराठी ग्रंथ संग्रहालयही त्याच सालचं. १९१४ मध्ये आयर्लंडमधल्या एका कपाटावर घडी घालून ठेवलेलं चित्र सापडलं. तीन बहिणी, आणि मधोमध एक खांब. रंग पातळ होत गेला तसा खांबातून पुरुषाचा आकार दिसू लागला. चित्रकार ब्रॅनवेल, त्याने स्वतःला रंगवून मग पुसलं होतं.

दंतकथेचा सगळ्यांत मोठा फटका अ‍ॅनला बसला, असं माझं मत. ‘टेनंट’मध्ये दारुड्या नवऱ्याला सोडून मुलासह पळणारी बाई आहे. नवऱ्याचं ते ढासळणं अ‍ॅनने कुठे पाहिलं, ते वर आलंच आहे. शार्लटला हा विषयच चुकीचा वाटला. अ‍ॅन गेल्यावर तिने पुस्तक पुन्हा काढण्यात रस घेतला नाही, आणि धाकटी, शांत, तिसरी हा अ‍ॅनवरचा शिक्का कायम राहिला. म्हणून माझा आग्रह आहे की गटाने सुरुवात ‘टेनंट’पासून करावी. मात्र प्रत घेताना पहिलं पान तपासा. १८५४ च्या स्वस्त आवृत्तीत मजकूर छाटला गेला आणि तोच छाटलेला पाठ पुढे अनेकांनी छापला. पूर्ण पुस्तकाची सुरुवात हॅलफर्ड या मित्राला लिहिलेल्या पत्राने होते. पुस्तक थेट १८२७ च्या शरदापासून सुरू होत असेल, तर ती प्रत परत करा.