अरेका पामला पाणी कमी झालंय की जास्त?

अरेका पामची पानं मलूल झाली, टोकं करपली, की हात आपसूक झारीकडे जातो. पण पाणी कमी पडलं तरी पानं अशी होतात आणि जास्त झालं तरीही. मुळांनाही हवा लागते. माती सतत चिंब राहिली की तिच्यात हवा उरत नाही, मुळं कुजतात, आणि कुजलेल्या मुळांना पाणी ओढता येत नाही. बुडालेलं झाडही असं तहानलेलंच असतं, आणि आपण त्याला आणखी पाणी पाजतो.

म्हणून पान नंतर, आधी माती. दोन पेरं बोट आत घाला. वरची माती कोरडी दिसते म्हणून आतही कोरडी असेल असं नाही, विशेषतः कोकोपीट (नारळाच्या काथ्याचा भुसा) असेल तर. मग कुंडी जरा उचलून बघा. कोरडी कुंडी चटकन उचलली जाते. पाणी साचलेली दगडासारखी जड लागते आणि तळाच्या भोकाशी कुबट वास येतो. मातीवर चिलटं घोंगावत असतील तर ती बरेच दिवस ओली आहे असं समजा.

पानांतही फरक असतो. तहानलेल्या पामची टोकं कुरकुरीत वाळतात, पात्या मध्यशिरेवर मिटतात. बुडालेल्याची खालची पानं एकामागून एक पिवळी पडतात, तपकिरी डाग मऊ, काळपट असतात, खोड बुडाशी दाबलं तर दबतं. मधली नव्या पानाची न उघडलेली सुरळी हलकेच ओढून बघा. ती हातात आली तर तो कोंब गेला. पामच्या खोडाला शेंड्याशी एकच वाढीचा डोळा असतो. (याच कारणासाठी फांद्या फुटतील म्हणून शेंडा छाटू नका.) सगळ्यात खालचं एखादं जुनं पान पिवळं पडलं तर काळजी नको, ते वयानं जातंय.

फसवणारा प्रकार वेगळाच आहे. नर्सरीतून आणलेल्या पामच्या मुळांभोवती बऱ्याचदा चिकट मातीचा घट्ट गोळा असतो. तो एकदा पूर्ण सुकला की आक्रसतो आणि कुंडीच्या कडेला फट पडते. तुम्ही तांब्याभर पाणी ओतता, ते फटीतून सरळ खाली उतरतं, बशी भरते, आणि वाटतं की पोटभर पाणी झालं. गोळा आतून ठणठणीत कोरडा! अशी कुंडी पाण्याच्या बादलीत बुडवून ठेवा. बुडबुडे यायचे थांबले की बाहेर काढा आणि पूर्ण निथळू द्या.

बुडालेल्या पामला याच्या नेमकं उलट करायचं. पाणी बंद, बशी रिकामी, कुंडी उजेडात. खोड मऊ पडायला लागलं असेल तर गोळा बाहेर काढा, काळी, बुळबुळीत मुळं तेवढी छाटा आणि जाड रेती मिसळलेल्या भुसभुशीत मातीत परत लावा. चांगली मुळं विस्कटू नका, पामला ते सोसत नाही. खत तर आत्ता अजिबात नको. आजारी झाडाला शेणखताचा डोस देण्याची आपल्याला भारी हौस असते.

माझ्या मते आपल्याकडच्या फ्लॅटमध्ये तहानेपेक्षा पाण्यानंच जास्त पाम मरतात, त्यातही पावसाळ्यात: हवा दमट, ऊन नाही, पण रोजची झारी चालूच. बशीत साचलेल्या पाण्यात डेंग्यूचे डास होतात ते वेगळंच.

माती व्यवस्थित आहे, तरी टोकं करपताहेत? कुंडीच्या काठावर पांढरा थर दिसतोय का बघा. बोअरवेलच्या पाण्यातले क्षार साचले की असं होतं. पावसाचं किंवा नळाचं पाणी खालून भरपूर वाहून जाईल इतकं दोन-तीनदा ओता. करपलेली टोकं पुन्हा हिरवी होत नाहीत. कात्रीनं छाटताना तपकिरी कडेची बारीक रेघ ठेवा, हिरव्यात कापलंत तर तिथून परत वाळेल. उपाय लागू पडला की नाही, ते नव्या सुरळीवरून ठरवा.