किल्ल्याच्या किल्ल्या कुणाकडे? जिब्राल्टरच्या लष्करी गव्हर्नरांची गोष्ट

स्पेनच्या दक्षिण टोकाला खडकावर वसलेल्या ब्रिटिश जिब्राल्टरमध्ये नवीन गव्हर्नर आला की त्याच्या हातात किल्ल्याच्या जुन्या किल्ल्या देतात. आज हे नुसतं नाटक वाटतं, पण एके काळी त्या किल्ल्या म्हणजेच गावाचा सगळा कारभार होता.

1704 मध्ये इंग्रज-डच आरमाराने हा खडक स्पेनकडून घेतला, तेव्हा गावातले बहुतेक सगळे लोक घरदार सोडून निघून गेले, आणि 1713 च्या उट्रेक्ट तहात तो ब्रिटनला मिळाला. म्हणजे इथे गावासाठी किल्ला बांधला असं नाहीच, आधी फौज आली आणि मग फौजेला लागतं म्हणून जेनोवाचे लोक, मोरोक्कोतले ज्यू, दारूवाले, मजूर असे एकेक येत गेले. साहजिकच गव्हर्नर जनरल हुद्द्याचा लष्करी माणूस, आणि तोच न्याय करणार, तोच लायसन देणार, तोच माणसाला गावाबाहेर काढणार. सुरुवातीच्या काही जणांनी यातून खिसे चांगलेच भरले. शिवाजी महाराजांच्या गडांवर किल्ल्या हवालदाराकडे, हिशेब सबनीसाकडे आणि कोठार कारखानीसाकडे असायचं ना, एकाच्या हातात सगळं द्यायचंच नाही म्हणून, इथे बरोबर उलटं होतं.

सगळ्यात गाजलेला गव्हर्नर म्हणजे जॉर्ज इलियट. जून 1779 ते फेब्रुवारी 1783, साडेतीन वर्षांच्या वर स्पेन आणि फ्रान्सने वेढा घातला होता. हा बाबा शाकाहारी, दारूला शिवत नसे, झोप जेमतेम चार तास, आणि किल्ल्या कायम कमरेला, म्हणतात की रात्री उशाखाली घेऊन झोपायचा. 13 सप्टेंबर 1782 ला शत्रूने तरंगत्या तोफखान्याची जहाजं आणली तर याच्या लोकांनी भट्टीत लाल केलेले गोळे डागून ती पेटवून दिली, त्या गोळ्यांना सैनिक भाजके बटाटे म्हणायचे.

रोज संध्याकाळी पोर्ट सार्जंट, म्हणजे वेशीचे दरवाजे बंद करणारा सैनिक, गव्हर्नरकडून किल्ल्या घ्यायचा, ढोल वाजवत वेशीपर्यंत जायचं, आणि एकदा दरवाजे बंद झाले की संपलं. हिरकणीची गोष्ट आठवा, साधारण तसंच, फक्त इथे खाली उडी मारायला कडा आणि समुद्र.

पण शिस्तीचा अतिरेकही अंगाशी आला. 1802 मध्ये राजाचा मुलगा ड्यूक ऑफ केंट (राणी व्हिक्टोरियाचे वडील) गव्हर्नर म्हणून आला, सैनिक पितात फार म्हणून त्याने बरेचसे गुत्ते बंद केले, आणि ऐन नाताळात फौजेनेच बंड केलं! तिघांना गोळ्या घातल्या. ड्यूकला पुढच्या वर्षी परत बोलावलं, पण गंमत बघा, पद काढून घेतलं नाही, 1820 मध्ये मरेपर्यंत कागदोपत्री तोच गव्हर्नर, आणि काम मात्र दुसरेच करत होते. त्यातला जॉर्ज डॉन मला आवडतो, त्याने हॉस्पिटल, गटारं, बाग असली कामं केली.

आपल्याशी संबंध असलेला एक गव्हर्नरही आहे. 1867-68 मध्ये मुंबईहून फौज घेऊन अ‍ॅबिसिनियावर (आजचा इथिओपिया) गेलेला, मुंबई लष्कराचा सरसेनापती रॉबर्ट नेपियर, तो 1876 ते 1883 इथे होता.

1830 मध्ये जिब्राल्टर क्राउन कॉलनी, म्हणजे थेट ब्रिटिश राजाच्या अंमलाखालची वसाहत झाली, कोर्ट आलं, तरी 1950 पर्यंत कायदे करणारा एकटा गव्हर्नरच. दुसऱ्या महायुद्धात तर बायकापोरं आणि म्हाताऱ्यांना बाहेर पाठवून गावाचा पुन्हा निव्वळ किल्ला केला, 1942 मध्ये अमेरिकन सेनापती आयझेनहॉवर तिथल्या बोगद्यात बसून उत्तर आफ्रिकेची मोहीम चालवत होता. 1969 च्या राज्यघटनेनंतर घरचा कारभार निवडून आलेल्यांकडे गेला, गव्हर्नरकडे संरक्षण आणि परराष्ट्र व्यवहार उरले. 1997 मध्ये रिचर्ड ल्यूस आला, हा राजकारणी, लष्करी हुद्दा नसलेला पहिलाच.

तरी कॉन्व्हेंटमध्ये, म्हणजे जुन्या मठातल्या गव्हर्नरच्या बंगल्यात, मोठी मेजवानी असली की पोर्ट सार्जंट अजूनही किल्ल्या घेऊन येतो आणि सांगतो, किल्ला बंद आहे, सगळं ठीक आहे.