नितीन देसाई : सेटपासून स्टुडिओपर्यंत

चित्रपटाच्या सेटचं आयुष्य शूटिंगपुरतं. शेवटचा शॉट झाला की बांबू-बल्ल्या उतरतात, प्लाय आणि फळ्या निघतील तेवढ्या काढून घेतात, प्लास्टर ऑफ पॅरिसचा चुरा ट्रकमध्ये जातो. जागेचं भाडं चालू असतं, त्यामुळे कुणी थांबत नाही. कलादिग्दर्शक नितीन चंद्रकांत देसाई यांनी पुढे स्टुडिओ काढला, निर्माते झाले, मोठं कर्ज घेतलं. या साऱ्याचं मूळ बरंचसं इथे आहे.

जन्म ६ ऑगस्ट १९६५, गाव कोकणातलं दापोली. जे. जे. आणि रहेजा कला महाविद्यालयांत त्यांनी छायाचित्रणाचं शिक्षण घेतलं. या पायाचा त्यांना पुढे फार उपयोग झाला, कारण सेट डोळ्यासाठी नव्हे, लेन्ससाठी बांधायचा असतो. १९८७च्या सुमारास कलादिग्दर्शक नितीश रॉय यांच्या हाताखाली ‘तमस’ या मालिकेवर काम सुरू झालं, मग ‘चाणक्य’ मालिका. नाव झालं ते ‘१९४२ : अ लव्ह स्टोरी’ने (१९९४). त्यासाठी डोंगरातलं गाव त्यांनी गोरेगावच्या चित्रनगरीत उभं केलं.

त्यानंतर ‘डॉ. बाबासाहेब आंबेडकर’, ‘हम दिल दे चुके सनम’, ‘लगान’ आणि ‘देवदास’ अशा चार चित्रपटांसाठी कलादिग्दर्शनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. यातले शेवटचे दोन शेजारी ठेवून पाहावेत. ‘लगान’मधलं चंपानेर गाव भुजजवळ कुनरियाच्या माळावर बांधलं, स्थानिक लोकांच्या हातांनी आणि तिथल्याच घरांच्या पद्धतीने. भिंत कुठूनही टिपली तरी खरी दिसावी लागते, म्हणून अशा ठिकाणी कसब असतं ते मातीच्या पोतात. ‘देवदास’मध्ये सगळं याच्या उलट. पारोच्या घरासाठी रंगीत काचेचे सुमारे १ लाख २२ हजार तुकडे वापरले आणि चंद्रमुखीचा कोठा कृत्रिम तलावाभोवती बांधला. एकट्या कोठ्याचा खर्च १२ कोटींच्या घरात गेल्याचं तेव्हा छापून आलं होतं. काच आणि पाणी दोन्ही प्रकाश परत फेकतात. दिवा जरा सरकला तरी त्याचं प्रतिबिंब फ्रेममध्ये येतं, म्हणून दिव्यांच्या जागा सेटच्या आराखड्यातच धराव्या लागतात. उघड्यावरच्या तलावात पाण्याची पातळी राखणं हे रोजचं वेगळं काम. एकाच माणसाने दोन-तीन वर्षांच्या आत या दोन्ही टोकांची कामं केली. ‘अष्टपैलू’ हा शब्द इथे शोभेचा नाही.

एवढं बांधून हाती काहीच उरत नाही, याला २००५मध्ये कर्जतजवळ चौक इथे उभारलेला एन. डी. स्टुडिओ हे त्यांचं उत्तर होतं. क्षेत्र सुमारे ५२ एकर. ‘जोधा अकबर’चे (२००८) किल्ले-महाल तिथेच उभे राहिले आणि शूटिंगनंतरही ठेवले गेले. निर्माते म्हणून ‘राजा शिवछत्रपती’ ही मालिका (२००८) आणि ‘बालगंधर्व’ (२०११) त्यांनी केले. ‘अजिंठा’ (२०१२) स्वतः दिग्दर्शित केला. ऐतिहासिक मराठी निर्मितीला हक्काचे वाडे, दरबार, तटबंदी तयार मिळणं ही फार मोठी सोय होती. त्याचं श्रेय त्यांना पुरेसं दिलं गेलं नाही.

अडचण सेटच्या बांधकाम-साहित्याची होती. मातीचा नमुना, त्यावरून साचा, साच्यात काथ्या घालून ओतलेलं प्लास्टर ऑफ पॅरिस (पीओपी), मागे लाकडी चौकट, वर रंग : कमान किंवा खांब साधारण असाच तयार होतो. काही महिन्यांसाठी हे उत्तम. पण पीओपी पाणी शोषतं, मऊ पडतं, प्लायचे थर सुटतात, चौकटीला वाळवी लागते. कर्जतसारख्या धो धो पावसाच्या भागात असा सेट दर पावसाळ्यानंतर अर्धा नव्याने करावा लागतो. फायबर किंवा पक्कं बांधकाम टिकतं, पण खर्च कैक पटीने वाढतो. भाडं मात्र शूटिंग असेल तेव्हाच येतं. मोठा सेट रिकामा पडला तरी त्याची डागडुजी, रखवाली आणि व्याज थांबत नाही.

२०१६ आणि २०१८मध्ये मिळून सुमारे १८५ कोटींचं कर्ज घेतलं गेलं. २०२०पासून हप्ते थकले आणि त्याच वर्षी कोविडने शूटिंगही बंद पाडलं. मे २०२१मध्ये स्टुडिओला आग लागून ‘जोधा अकबर’च्या सेटचं नुकसान झालं. थकबाकी २५२ कोटींवर गेली, जुलै २०२३मध्ये कंपनी कायदा न्यायाधिकरणाने दिवाळखोरीची याचिका दाखल करून घेतली. २ ऑगस्ट २०२३ रोजी, ५८वा वाढदिवस चार दिवसांवर असताना, देसाई यांचा स्टुडिओतच मृत्यू झाला. पुढे स्टुडिओचा ताबा राज्य सरकारच्या चित्रपट, रंगभूमी व सांस्कृतिक विकास महामंडळाकडे आला.