त्रन्का कोणता आणि झेमन कोणता?

चेक बाहुलीपटांचा विषय निघाला की यिरी त्रन्का आणि कारेल झेमन ही नावं एका दमात घेतली जातात, आणि मग एकाचा चित्रपट सर्रास दुसऱ्याच्या नावावर खपतो. गोंधळ व्हावा असंच आहे म्हणा. एकाचा जन्म १९१२चा, दुसऱ्याचा १९१०चा. १९४६च्या पहिल्यावहिल्या कान महोत्सवात दोघांच्याही लघुपटांना बक्षिसं मिळाली.

त्रन्का मुळात चित्रकार. मुलांच्या पुस्तकांतल्या चित्रांसाठी त्याला १९६८मध्ये हान्स ख्रिश्चन अँडरसन पुरस्कार मिळाला. बाहुल्यांचं वेड प्ल्झेनमधल्या शाळेपासूनचं. तिथे योसेफ स्कुपा हा बाहुलीनाट्यातला मातब्बर त्याचा शिक्षक होता. त्रन्काच्या पडद्यावर बाहुली हीच नट. तिचे ओठ हलत नाहीत, चेहरा बदलत नाही. मान जराशी कलते, उजेड दुसऱ्या बाजूने पडतो, आणि तोच रंगवलेला चेहरा खिन्न दिसू लागतो.

झेमन जाहिरातींच्या धंद्यातून आला आणि झ्लिनच्या स्टुडिओत रुजला. हा स्टुडिओ मूळचा बाटा कंपनीचा. हो, आपल्या चपला-बुटांची तीच बाटा! सुरुवातीला त्यानेही बाहुल्या हलवल्या, पण त्याचं मन रमलं ते करामतीत. १९५८मध्ये ज्यूल व्हर्नच्या कथेवर चित्रपट करताना त्याने जुन्या पुस्तकांतली कोरीव चित्रं समोर ठेवली. त्या चित्रांतल्या बारीक समांतर रेघा त्याने सेटवर आणि कपड्यांवरही रंगवून घेतल्या. हाडामांसाचे नट त्या रेघांच्या समुद्रात, पाणबुडीत वावरतात आणि छापील पान हलू लागल्यासारखं वाटतं. मला त्रन्कापेक्षा झेमन जास्त आवडतो, तो या पोरकट हौसेमुळेच.

तेव्हा जिवंत नट आणि चित्रं एकाच चौकटीत दिसली तर बेलाशक झेमनचं नाव घ्यावं. फसवतो तो फक्त त्रन्काचा शेवटचा चित्रपट, १९६५चा ‘हात’. त्यात एक बाहुला आपल्या रोपट्यासाठी कुंड्या घडवत असतो. हातमोजा घातलेला माणसाचा खराखुरा, अवाढव्य हात येतो आणि कुंडी मोडून स्वतःचाच पुतळा करायला फर्मावतो. आयुष्यभर बाहुल्यांवर भिस्त ठेवणाऱ्या त्रन्काने जिवंत माणूस आणला तो जुलूम दाखवायला. १९६९मध्ये तो वारला, आणि त्यानंतर कम्युनिस्ट राजवटीने या चित्रपटावर बंदी घातली.